शिपायाचं खातं

पंजाबातला एखादा जवान राजस्थानच्या वाळूत रणगाडा चालवत असतो आणि त्याच्या पगाराचा हिशेब नगरला होत असतो. नगरमध्ये, म्हणजे आजच्या अहिल्यानगरमध्ये, आर्मर्ड कोअर सेंटर अँड स्कूल आणि मेकॅनाइज्ड इन्फन्ट्री रेजिमेंटल सेंटर ही लष्कराची दोन मोठी केंद्रं आहेत, हे आपल्याकडे शाळकरी पोरांनाही ठाऊक असतं. 1994 साली उघडलेलं रणगाड्यांचं संग्रहालय बघायला आपण पाहुण्यांना हौसेने नेतो. त्याच छावणीत या दोन्ही दलांची रेकॉर्ड ऑफिसं आणि पे अकाउंट्स ऑफिसंही आहेत, तिकडे मात्र कोणी पाहुणे नेत नाही. जवान त्या कचेरीला ‘पीएओ’ म्हणतात. त्यातल्या बहुतेकांनी प्रशिक्षण संपल्यावर ती पुन्हा पाहिलेलीही नसते. त्यांच्या घरची चूल मात्र तिथल्या नोंदींवर पेटते.

भरती होऊन काही महिने झालेल्या पोराच्या हातात पहिल्यांदा पे-स्लिप येते, तेव्हा तो खालचा आकडा बघतो आणि गडबडतो. एका महिन्यात अपेक्षेपेक्षा जास्त पैसे येतात, पुढच्या महिन्यात कापले जातात. जमेच्या बाजूला बेसिक, महागाई भत्ता, मिलिटरी सर्व्हिस पे. नावेच्या बाजूला एएफपीपी फंड (भविष्य निर्वाह निधी), एजीआयचा (गटविम्याचा) हप्ता, आणि कधी ‘रिकव्हरी’. शेवटी ‘क्लोजिंग बॅलन्स’. गावातल्या शिक्षक मामाची पगाराची चिठ्ठी अशी नसते. तिथे पगार ठरतो, कपात होते, उरलेलं मिळतं आणि महिना संपतो. जवानाचं तसं नाही. भरतीच्या दिवशी सरकार त्याच्या नावाने एक खातं उघडतं आणि ते निवृत्तीच्या दिवशी बंद होतं. मधल्या सगळ्या वर्षांत जमा-नावे चालूच राहते. इंग्रजी आद्याक्षरांनी त्याला ‘आयआरएलए’ म्हणतात, म्हणजे प्रत्येक माणसाचं स्वतंत्र चालू खातं. दर महिन्याला मिळतो तो कागद या खात्याचं एक पान असतो. खात्याला हे नाव कचेरीने दिलं असलं तरी शिपायाचा हिशेब असा सलग ठेवण्याची रीत फार जुनी आहे, आणि तिच्या बऱ्याचशा कड्या आपल्याच मातीतल्या आहेत.

शिवरायांच्या नंतर थोड्याच वर्षांनी कृष्णाजी अनंत सभासदाने जिंजीला बखर लिहिली. तिच्यात लष्कराची रचना आहे. 25 बारगिरांवर, म्हणजे सरकारी घोड्यावरच्या स्वारांवर, एक हवालदार, पाच हवालदारांवर एक जुमलेदार, दर 25 घोड्यांमागे एक नालबंद आणि एक पखालजी. जुमलेदाराचा तनखा 500 होन. पायदळात नऊ पाइकांवर एक नाईक. नाईक आणि हवालदार हे हुद्दे आजच्या पे-स्लिपवरही छापलेले असतात. गावं तोडून देण्याऐवजी रोख किंवा वरातेने पगार द्यायचा, हा या व्यवस्थेचा गाभा होता. वरात म्हणजे अमुक ठाण्याच्या खजिन्यातून अमुक रक्कम द्यावी असा हुकूम.

माझ्या मते त्याहून महत्त्वाची एक गोष्ट या वर्णनात आहे. दसऱ्याला फौज मुलुखगिरीला निघताना प्रत्येकाजवळच्या चीजवस्तूंची यादी केली जाई. वैशाखात परतल्यावर पुन्हा झडती होई. जास्तीचं सापडलं तर त्याची किंमत ठरवून ती त्याच्या पगारात वळती करायची. घोडा मेला किंवा वस्तू हरवली तर त्याचाही हिशेब व्हायचा. म्हणजे शिपायाचं देणं आणि येणं एकाच ठिकाणी, एकाच हिशेबात. आजच्या पानावर जमा आणि नावे शेजारी-शेजारी असतात, त्याचं हे मला माहीत असलेलं सगळ्यात जुनं रूप आहे.

पुढे पेशवाईत हा काटेकोरपणा ढिला पडला. मोहिमेआधी स्वतःचा घोडा आणणाऱ्या शिलेदाराला घोड्याच्या तयारीसाठी नालबंदीची उचल मिळे, ती पुढे पगारातून वळती होई. पण पगारच महिनोन् महिने थके. पगार थकलेले शिपाई सरदाराच्या दारात धरणं धरून बसत. 1760 च्या उन्हाळ्यानंतर दिल्लीत पोचलेल्या सदाशिवरावभाऊंनी लाल किल्ल्यातल्या दिवाण-इ-खासचं चांदीचं छत उतरवून त्याची नाणी पाडली. सुमारे नऊ लाख रुपये झाले आणि एवढ्या फौजेला ते फार दिवस पुरले नाहीत. पानिपतावर लिहिताना भाऊंच्या डावपेचांवर पानंच्या पानं खर्ची पडतात. उपाशी घोडा आणि थकलेला पगार यांना त्या मानाने फार थोडी जागा मिळते, याचं मला वाईट वाटतं.

कंपनीच्या फौजेने पगार नियमित केला, पण तो तुटपुंजा ठेवला. पायदळातल्या साध्या शिपायाला महिना 7 रुपये. 1857 च्या बंडाच्या वेळीही 7 आणि त्यानंतरही कित्येक वर्षं 7. 1895 मध्ये 9 झाले, पहिल्या महायुद्धापर्यंत 11. त्यातून खाणं आणि कपड्यांचा काही भाग त्यानेच भागवायचा. या सात रुपयांना खरा आधार असे तो भत्त्याचा. आपला इलाखा सोडून बाहेर कूच केलं की भत्ता सुरू होई. 1843 मध्ये सिंध प्रांत कंपनीने खालसा केला. सिंध आता परका मुलूख नाही, तेव्हा जादा भत्ता बंद, असं सरकारने ठरवलं. माणसं तीच, ऊन तेच, घरापासूनचं अंतर तेवढंच. पुढच्या वर्षी बंगालच्या काही पलटणींनी सिंधकडे कूच करायला नकार दिला. आज फील्ड एरियातून पीस एरियात बदली झाली की भत्त्याची ओळ स्लिपवरून पुसली जाते आणि पोरगा म्हणतो, “पगार कमी का झाला?” प्रश्न पावणेदोनशे वर्षांपूर्वीचाच आहे.

या कुळात एक घराणं मात्र थेट आपलं आहे. मराठी फौजेत घोडा सरकारचा आणि माणूस नोकर असेल तर बारगीर. घोडा आणि हत्यार स्वतःचं घेऊन आला तर शिलेदार. इंग्रजांनी ही पद्धत जशीच्या तशी उचलली आणि आपल्या देशी घोडदळाच्या मोठ्या भागाला ‘सिल्लदार’ म्हणून उभं केलं. 1817 मध्ये पुण्याच्या तहानंतर उभं राहिलेलं पूना हॉर्स त्यातलंच. या रिसाल्यांत भरती होणाऱ्याने सुरुवातीला एक रक्कम भरायची, तिला ‘असामी’ म्हणत. त्याबदली रिसाला घोडा आणि सामान देई. सवाराचा पगार पायदळाच्या शिपायापेक्षा बराच जास्त, 1857 च्या सुमारास 27 रुपये; पण घोड्याची वैरण, खोगीर, कपडे, तंबूत जाणारा वाटा हे सगळं त्यातूनच. शिवाय घोडा मेला तर नवा घेता यावा म्हणून दर महिन्याला ‘चंदा’ फंडात कपात. नोकरी सोडताना असामीची रक्कम परत मिळे. कागदावर दिसणारे 27 आणि हातात पडणारे पैसे यांत जमीन-अस्मानाचं अंतर. तरी घरी मानाने सांगायचं ते 27!

पहिल्या महायुद्धात हे घोडदळ फ्रान्सला आणि मेसोपोटेमियाला गेलं आणि पद्धत कोलमडली. तिथे मेलेल्या घोड्याची भरपाई कोणत्या चंद्यातून करणार? 1921 च्या सुमारास सिल्लदारी बंद झाली आणि घोडा पूर्णपणे सरकारचा झाला. नंतर घोडाही गेला, रणगाडा आला. 1948 पासून भारताकडे राहिलेल्या रिसाल्यांचं प्रशिक्षण केंद्र नगरला एकवटलं. 1971 च्या युद्धात पूना हॉर्सचे सेकंड लेफ्टनंट अरुण खेतरपाल ज्या ‘फामागुस्ता’ नावाच्या रणगाड्यात धारातीर्थी पडले, तो याच केंद्रात जपून ठेवला आहे. शिलेदारी दख्खनमधून निघाली, ब्रिटिश फौजेत शंभर वर्षं राहिली आणि तिच्या वंशजांचा हिशेब आज दख्खनमध्येच लिहिला जातो.

महिन्याचे पैसे हाती पडण्याची रीतही वेगवेगळी होत गेली. आमच्याकडचे जुने पेन्शनर पे परेडच्या आठवणी सांगतात. टेबलामागे साहेब, समोर रांग, नाव पुकारलं की पुढे होऊन सलाम, अ‍ॅक्विटन्स रोलवर सही किंवा अंगठा, मोजलेल्या नोटा. सगळा पगार हातात घ्यायची पद्धत नव्हती. लागतील तेवढे उचलायचे, बाकीचे खात्यात राहायचे, आणि ठरावीक रक्कम ‘फॅमिली अलॉटमेंट’ म्हणून परस्पर घरी जायची. टपाल खात्याची मनीऑर्डर 1880 मध्ये सुरू झाली आणि 2015 मध्ये तिचं जुनं रूप बंद झालं. मधल्या काळात पारनेर, पाथर्डी, श्रीगोंद्यासारख्या दुष्काळी तालुक्यांत फौजेतल्या मुलाच्या घरी पोस्टमनची वाट पावसासारखीच पाहिली जाई. आता पैसे बँकेत येतात, महिन्याच्या शेवटच्या कामाच्या दिवशी. मार्चचा पगार मात्र एप्रिल उजाडल्यावरच येतो, कारण सरकारी वर्षाचा हिशेब 31 तारखेला मिटतो. नव्या पोरांना आणि त्यांच्या आयांना हे कोणी आधी सांगत नाही. मार्च संपायला आला की घरोघरी फोन सुरू होतात.

खरी अडचण तारखेची नसते, नोंदीची असते. जवानाच्या खात्यात काहीही बदलायचं असेल तर त्याच्या युनिटने ‘पार्ट टू ऑर्डर’ काढावी लागते. लग्न झालं, मूल झालं, रजेवर गेला, रजेवरून आला, कोर्स केला, बदली झाली, बढती मिळाली, प्रत्येक घटनेची वेगळी ऑर्डर. ती रेकॉर्ड ऑफिस आणि पीएओपर्यंत पोचून तपासली गेल्यावरच पगारात दिसते. आपल्या जिल्ह्याने रोजगार हमीची कामं पाहिली आहेत. मस्टरवर नाव चढलं नाही तर दिवसभर खडी फोडूनही हजेरी नाही आणि मजुरीही नाही. पार्ट टू ऑर्डरचं तसंच आहे.

युनिटच्या क्लार्कने ऑर्डर उशिरा काढली, आर्मी नंबरात एक आकडा चुकला किंवा लग्नाच्या दाखल्यावरचं पत्नीचं नाव आधारशी जुळलं नाही, तर पीएओ ती ‘रिजेक्ट’ करून परत पाठवते. कित्येकदा ही परत आलेली ऑर्डर युनिटमध्ये पडून राहते आणि जवानाला पत्ताच नसतो. बदलीची नोंद उशिरा पोचली तर आधीच्या जागेचा भत्ता मिळत राहतो आणि नंतर तो एकदम वसूल होतो. खात्यात ‘डेबिट बॅलन्स’ दिसायला लागतो. घरचा हप्ता, बहिणीचं लग्न, विहिरीवरची मोटर, ही सगळी गणितं मग त्या एका ओळीपाशी अडतात. वसुली नियमाने बरोबर असते. पण चूक कागदाच्या वाटेत झाली आणि महिना कोरडा जातो तो विशीतल्या पोराचा, हे मला पटत नाही. पूर्वी तीन-तीन महिन्यांनी हिशेब हाती यायचा, तेव्हा चूक कळेपर्यंत ती तिप्पट झालेली असे. आता स्लिप महिन्याला येते आणि 2017 पासून ‘हमराज’ अ‍ॅपवर फोनमध्येच उघडते. म्हणून मी फौजेत निघालेल्या प्रत्येक पोराला सांगतो, आधी वरच्या ओळी वाच. कोणती पार्ट टू ऑर्डर लागली, कोणती नाही, ते बघ. खालचा आकडा नंतर.

सातव्या वेतन आयोगापासून शिपायाचं बेसिक 21,700 रुपयांवर सुरू होतं आणि वर 5,200 रुपये मिलिटरी सर्व्हिस पे. 2022 पासून भरती झालेल्या अग्निवीराच्या पानावर मात्र या ओळी नाहीत. महागाई भत्ताही नाही. त्याला पहिल्या वर्षी महिना 30,000 ठरले आहेत, त्यातले 21,000 हातात पडतात आणि 9,000 सेवा निधीत जातात. चौथ्या वर्षी 40,000 तले 28,000 हाती आणि 12,000 निधीत. तो जेवढे भरतो तेवढेच सरकार भरतं. चार वर्षांनी व्याजासह सुमारे 11.71 लाख मिळायचे आहेत, आणि एका तुकडीतल्या जास्तीत जास्त चौथा हिस्सा मुलांना पुढे नोकरीत घेतलं जाईल. मधेच स्वतःहून सोडून गेला तर त्याने भरलेले पैसे व्याजासह त्याचे. सरकारच्या वाट्यावर त्याचा हक्क नाही.

नोकरी सोडताना परत मिळणारी अडकवलेली रक्कम ही सिल्लदारांची असामीच आहे. फरक एवढाच की सवार ती आल्या आल्या भरायचा आणि अग्निवीर दर महिन्याला. गावात पोरगा 30,000 सांगतो आणि आई 21,000 मोजते, त्यामुळे घरात रुसवे-फुगवेही होतात. पहिल्या तुकडीची पोरं 2022 संपता संपता आणि 2023 लागता लागता केंद्रांत दाखल झाली. नगरला प्रशिक्षण घेतलेल्या तुकडीची चार वर्षं भरली की तिची खाती नगरच्याच कचेरीत बंद व्हायला लागतील. चार वर्षांतल्या रजा, बदल्या, परत आलेल्या ऑर्डरी आणि राहिलेल्या वसुल्या यांचा निकाल त्या आधी लागायला हवा. त्यासाठी लागणारे कागद आत्ता त्या त्या युनिटच्या कपाटांत आहेत.