मनाईहुकूम कुणी पाळला?

मार्च १९२७ चं चवदार तळं आपल्याला पाठ आहे. त्याच सालचा डिसेंबर मात्र आपण घाईत उरकतो. १४ डिसेंबरला महाडच्या दिवाणी कोर्टानं सवर्णांच्या दाव्यात तात्पुरता मनाईहुकूम दिला. २५ तारखेला हजारो माणसं जमली, पाणी भरायचंच म्हणून आलेली. बाबासाहेबांनी त्यांना आवरलं. मनुस्मृती जाळली, तळ्याभोवती मिरवणूक काढली, पण पाण्याला हात लावला नाही. केवढं कठीण होतं ते! हायकोर्टाचा निकाल आपल्या बाजूनं लागला १७ मार्च १९३७ ला. सव्वानऊ वर्षं.

आता सरकार हुकूम कसा पाळतं बघा. २७ मार्च २०१४ ला सुप्रीम कोर्ट म्हणालं, १९९३ पासून गटारात मेलेल्यांची कुटुंबं शोधा, प्रत्येकी १० लाख द्या. ऑक्टोबर २०२३ मध्ये त्याच कोर्टाला पुन्हा सांगावं लागलं. आता आकडा ३० लाख. मधल्या काळात माणसं मरतच होती.

१९७१ च्या अवमान कायद्यात शिक्षा आहे. सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, नाहीतर २००० पर्यंत दंड, किंवा दोन्ही. पण हुकूम जाणूनबुजून मोडला हे दाखवायला लागतं, आणि कलम २० ची मुदत एका वर्षाची. साहेब म्हणतो, फाईल वर गेलीय. म्हणजे गटारात मेलेल्याच्या विधवेनं वर्षाच्या आत साहेबाच्या मनातलं कोर्टापुढं मांडायचं! वस्तीत अशी बाई असेल तर तिच्या अर्जाची तारीख-शिक्क्याची पोच आधी मिळवा.