फडाचा मॅनेजर

ढोलकीफडाच्या तमाशाचा बाहेरचा व पैशाचा कारभार पाहणारा माणूस. सुपारी (खेळाचा सौदा) ठरवणे, इसार घेणे, तारखा जुळवणे, गाड्या, परवाने आणि हिशेब ही त्याची कामे. फडमालक बहुधा स्वतःच कलावंत असतो. रात्रभर बोर्डावर उभे राहून सकाळी पंचांशी घासाघीस करणे त्याला जमत नाही.

मॅनेजर पाहावा तो नारायणगावात (ता. जुन्नर, जि. पुणे). गुढीपाडव्याच्या सुमारास येथे फडांच्या राहुट्या लागतात. बाहेर फडाचा फलक, आत खुर्च्या, टेबलावर तारखांची वही. यात्रा कमिटीची मंडळी येतात, चहा होतो, मग चौकशी सुरू: वग कोणता, नाचणाऱ्या किती, शेजारच्या गावाला काय भावाने दिला? भाव ठरतो तो तिथीवर. चैत्र वद्य अष्टमीला कितीतरी गावांत भैरवनाथाची यात्रा; फड मात्र एकच. त्या रात्रीची सुपारी चढते, मधल्या रिकाम्या दिवसाची पडते. मुरलेला मॅनेजर लागोपाठच्या तारखा एकाच रस्त्यावर बसवतो, कारण रात्रीचा खेळ आणि दुसऱ्या दिवशीची हजेरी (दिवसाचा छोटा खेळ) उरकून संध्याकाळच्या आत सगळ्या लवाजम्यासह पुढचे गाव गाठायचे असते.

बीटल्सचा मॅनेजर ब्रायन एपस्टाइन (१९३४–६७) लिव्हरपूलच्या रेकॉर्डच्या दुकानातून या धंद्यात आला आणि त्याच्या मंडळींची गाणी तबकड्यांवरून जगभर गेली. फडाच्या मॅनेजरजवळ विकायला एक रात्र असते. ती गेली की गेली.

हंगाम दसऱ्याला सुरू होतो. त्याआधी कलावंतांना उचल द्यावी लागते आणि तो पैसा पुष्कळदा सावकाराचा असतो. तंबूतल्या तिकिटाच्या खेळांचा भरवसा नाही. कर्ज फेडतात त्या यात्रांच्या सुपाऱ्या. करोनामुळे २०२० आणि २०२१ मध्ये यात्रा भरल्या नाहीत, तेव्हा उचल दिलेली आणि वही कोरी, अशी गत झाली.

विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर, कांताबाई सातारकर, दत्ता महाडिक, मंगला बनसोडे ही नावे फलकांवर गाजली. कोशांतल्या नोंदीही त्यांच्याच. मॅनेजरला ओळखतात ते गावोगावचे पंच. रात्री दहानंतर ध्वनिक्षेपक बंद करण्याचा नियम आल्यापासून त्यांचा पहिला प्रश्नही बदलला आहे: परवानगी तुम्ही काढणार की आम्ही?