नामार्थ आणि नामाधिकार

जर्मानिक व्यक्तिनामांची प्राचीन घडण द्विपदी आहे: ‘फ्रीडरिश’मध्ये शांती व सत्ता, ‘लुडविग’मध्ये कीर्ती व युद्ध. संस्कृत नामांतही हीच इंडो-युरोपीय रीत आढळते. मात्र येथे नामार्थावर वर्णाचा पहारा बसला. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायाने ब्राह्मणास मंगल, क्षत्रियास बलसूचक, वैश्यास धनसूचक, तर शूद्रास जुगुप्सित नाव विहित केले. ‘धोंडू’, ‘दगडू’, ‘केरू’ ही नावे या दंडकाशी जुळतात. पण धोंडो केशव कर्वे हे नाव आठवताच केवळ व्युत्पत्ती अपुरी पडते. मूल जगावे म्हणून तुच्छ नाव ठेवण्याची चाल उच्चवर्णीयांतही होती. तेथे तुच्छता ही दृष्ट चुकविण्याची युक्ती; शास्त्राज्ञेत ती पायरीची खूण.

सानगडी ज्या भंडारा जिल्ह्यात मोडते, तेथे डॉ. आंबेडकर १९५४ मध्ये लोकसभेची पोटनिवडणूक हरले. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरास त्यांनी बौद्ध धम्माची दीक्षा घेतली व दिली. त्यानंतर विदर्भातील बौद्ध घरांत सिद्धार्थ, राहुल, सुजाता, मिलिंद ही नावे रुजली. ‘सिद्धार्थ’, ज्याचा हेतू सिद्धीस गेला तो, हे पुन्हा द्विपदीच. ‘मिलिंद’ हे तर ग्रीक मिनँडरचे पाली रूप. नामांची घडण जुनीच राहिली. ती निवडण्याचा अधिकार मात्र नवा होता, आणि नामार्थाचा इतिहास त्या अधिकारापासूनच लिहावा लागतो.