उद्या पुन्हा मरायचंय

साल १९२३, गाव कोल्हापूर. महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या आवारात तू बेगड चिकटवलेली फळी धरून उभा आहेस. फळीवर ऊन झेलायचं आणि ते समोर शिवाजी महाराजांच्या चेहऱ्यावर सोडायचं. महाराज म्हणजे खुद्द बाबूराव पेंटर. कंपनी त्यांची, ‘सिंहगड’ हा चित्रपटही त्यांचाच. कंपनीचा पहिला कॅमेरा १९१८ साली त्यांनी आणि विष्णुपंत दामल्यांनी सुटे भाग घडवून स्वतःच जुळवला होता.

आज मात्र ते कॅमेऱ्यासमोर आहेत, आणि आपण कसे दिसतोय हे त्यांना कळायला मार्ग नाही. फिल्म धुऊन निघेपर्यंत कॅमेरामनच्या डोळ्यावर भरवसा. इतका बारीक नजरेचा माणूस, पण आज नजर उसनी.

“आरं, फळी हालवू नगंस! म्हाराजांच्या नाकावर ऊन नाचाय लागलंय.”

तू श्वास रोखतोस. हँडल फिरतंय, सेकंदाला साधारण दोन फेरे, सोळा चौकटी. फिरवणाऱ्याचा हात मंदावला तर पडद्यावर महाराज पळत सुटणार.

पलीकडे पांढरी दाढी लावलेला शेलारमामा बसलाय. जवळ गेलास की कळतं, या ऐंशीच्या म्हाताऱ्यानं नुकती विशी ओलांडलीय. शांताराम वणकुद्रे त्याचं नाव. कंपनीत पडेल ते काम करतो. १९२१ च्या ‘सुरेखाहरण’मध्ये तो कृष्ण होता, म्हणून त्याची हमाली काही चुकली नाही. (चार वर्षांनी हाच पोरगा ‘नेताजी पालकर’ दिग्दर्शित करणार आहे, पण हे तू इथं कुणाला सांगू नकोस.)

संध्याकाळी तुझीही पाळी येते. डोईला मुंडासं, हातात ढाल. या फिल्मला लाल रंग काळा दिसतो, म्हणून ओठांना लाली लावू देत नाहीत. रात्रीच्या लढाईसाठी कृत्रिम दिवे लावलेत, ही नवलाईच. दिव्यांची धग अंगावर येते. दिवसभर फळी धरल्यामुळं उजेड कुठं संपतो ते तुला पक्कं ठाऊक झालंय. बाकीचे मावळे अंधारात लढतायत. तू दोन पावलं पुढं सरकतोस, वार झेलतोस आणि बरोबर उजेडात पडतोस. हुशारीच म्हणायची!

मग मुंडासं काढून थेट अंधाऱ्या खोलीत. लाल दिव्याखाली फिल्म धुताना निगेटिव्हवर पांढऱ्याचं काळं झालेला तू दिसतोस. पडलास झकास. पण पुढच्या चौकटीत मान वर, त्याच्या पुढच्या चौकटीतही. मेल्यावर तू कॅमेऱ्याकडं बघतोयस.

शेजारचा पट्टी उचलून दिव्यासमोर धरतो.

“उद्या पुन्हा मरायचं बाबा तुला. आनि येताना त्या फळीची बेगड सुटलीय, खळ घिऊन ये.”