सिमल्याचा पाऊस आणि मेघांतील वीज

पुण्यात शिवाजीनगरला हवामान खात्याची एक मनोऱ्याची इमारत आहे. पुणेकर तिला ‘सिमला ऑफिस’ म्हणतात, आणि पुण्याचा सिमल्याशी काय संबंध, असा प्रश्न बाहेरगावच्या पाहुण्याला हटकून पडतो. खात्याची मुख्य कचेरी १९२८ साली सिमल्याहून पुण्यास आली. दप्तराबरोबर नावही आले. पण सिमल्याच्या त्या कचेरीत एकेकाळी आकाशातील विजेविषयी एक वाद जन्मास आला, आणि तो तीस वर्षे चालला, हे मात्र फारसे कोणास ठाऊक नसते.

ढगांतील वीज आणि प्रयोगशाळेतील वीज एकच, हे तत्पूर्वी दीडशे वर्षे ठाऊक होते. फ्रँकलिनच्या सूचनेवरून १७५२ साली फ्रान्समध्ये मार्ली या गावी उभारलेल्या उंच लोखंडी कांबीतून ठिणग्या निघाल्या, आणि शंका फिटली. पुढच्याच वर्षी सेंट पीटर्सबर्ग येथे रिखमान हे प्राध्यापक असाच प्रयोग करताना विजेच्या आघाताने मृत्यू पावले. तथापि ही वीज मेघात उत्पन्न कशी होते, हा प्रश्न तसाच राहिला.

१९०६ साली जॉर्ज सिम्प्सन हे तिशीच्या आतले इंग्रज शास्त्रज्ञ सिमल्याच्या कचेरीत रुजू झाले. १९०८ च्या पावसाळ्यात त्यांनी पडणाऱ्या पावसाचा विद्युद्भार आपोआप नोंदवणारे यंत्र चालवले. पावसाबरोबर ऋण विजेपेक्षा धन वीज पुष्कळच अधिक खाली येते, असे त्यांस आढळले. मग प्रयोगशाळेत हवेच्या ऊर्ध्वगामी झोतावर त्यांनी पाण्याचे थेंब फोडून पाहिले. पाणी धन होई, हवा ऋण. त्यावरून त्यांनी उपपत्ती मांडली ती अशी : मेघातील वेगवान ऊर्ध्व वाऱ्यावर मोठे थेंब तरंगतात, फुटतात, धनभारित पाणी खाली राहते आणि ऋण वीज हवेबरोबर वर जाते. म्हणजे मेघाचा तळ धन व माथा ऋण.

केंब्रिजच्या सी. टी. आर. विल्सन यांचे मत नेमके उलट होते. १८९५ साली स्कॉटलंडच्या डोंगरात वादळात सापडले असता त्यांच्या डोक्यावरचे केस उभे राहिले होते. तेव्हापासून हा विषय त्यांच्या मनातून गेला नाही. दूरच्या मेघात वीज चमकताच जमिनीवरील विद्युत्क्षेत्र कसे पालटते, हे मोजून त्यांनी ठरवले, की माथा धन आहे आणि तळ ऋण. दोघेही मोजमापाचे पक्के, आणि निष्कर्ष मात्र परस्परविरुद्ध! याच सुमारास मुंबईस कुलाबा वेधशाळेत सुधांशुकुमार बॅनर्जी हे डोक्यावरून जाणाऱ्या मेघांचे विद्युत्क्षेत्र नोंदवीत होते. जमिनीवरून असे मोजमाप कितीही झाले, तरी मेघाच्या पोटात शिरल्याखेरीज निवाडा होणे कठीण होते.

तो निवाडा करण्याचे काम सिम्प्सन यांनी स्वतःच हाती घेतले. १९२० पासून ते ब्रिटनच्या हवामान खात्याचे प्रमुख होते. स्क्रेझ या सहकाऱ्यासह त्यांनी क्यू वेधशाळेतून फुगे सोडले. प्रत्येक फुग्याखाली घड्याळाच्या यंत्राने फिरणारा, रासायनिक द्रव्यात भिजवलेला कागद होता. विजेचा प्रवाह वाहिला की त्यावर डाग उमटे, आणि डाग कोठे उमटला यावरून प्रवाहाची दिशा कळे. उपकरण खाली उतरून परत हाती आले की मग वाचन. १९३७ साली त्यांनी निष्कर्ष प्रसिद्ध केला : माथा धन, त्याखालचा भाग ऋण. विल्सन बरोबर होते. अगदी तळाशी धन विजेचा एक लहानसा कप्पा आढळला, एवढाच सिमल्याच्या उपपत्तीला आधार.

सरकारी नोकरीत वीस वर्षे काढलेल्या माणसाला या प्रसंगाचे मोल विशेष वाटते. स्वतःच्या जुन्या अभिप्रायाविरुद्ध स्वतःच्याच सहीने टिपण लिहिणे किती जड जाते, हे आम्ही जाणतो. आणि येथे तर लिहिणारा खात्याचा प्रमुख होता.

आज मुख्य कारण म्हणून थेंबांऐवजी बर्फाकडे बोट दाखवले जाते. शून्याखाली दहा ते पंचवीस अंश तापमानाच्या थरात, गोठणबिंदूखालीही द्रवरूप राहिलेल्या जलकणांच्या सान्निध्यात, मऊ गारा आणि सूक्ष्म हिमस्फटिक एकमेकांवर आदळतात. बहुधा हलके स्फटिक धन होऊन वर जातात, जड गारा ऋण होऊन खाली राहतात. हा साठा असह्य झाला की वीज कोसळते. तिच्या मार्गातील हवा सुमारे तीस हजार अंशांपर्यंत तापून क्षणात फुगते, आणि आपल्या कानी गडगडाट येतो.

विल्सन यांनी १९२९ साली आणखी एक अंदाज केला होता. मेघातील विद्युद्दाब शंभर कोटी व्होल्टपर्यंत जाऊ शकेल, असे ते म्हणाले. फुगे व विमाने यांनी एवढा दाब कधी दाखवला नाही. पुढे उटी येथे टाटा मूलभूत संशोधन संस्थेच्या शास्त्रज्ञांनी, अवकाशातून येणाऱ्या किरणांपासून जन्मणारे म्यूऑन नावाचे कण मोजताना, १ डिसेंबर २०१४ च्या वादळात त्यांची संख्या घटलेली पाहिली. त्या घटीवरून गणित मांडून २०१९ साली त्यांनी मेघाचा दाब जाहीर केला : सुमारे एकशे तीस कोटी व्होल्ट.