हरकत

उर्दूत हरकत म्हणजे हालचाल, आणि पोरानं खोडी काढली तर तीही हरकतच. मराठीत मात्र हरकत घेणं म्हणजे आक्षेप नोंदवणं. दोन्ही भाषा शिकवत असल्यामुळे वर्गात या शब्दावर मी नेहमी थांबतो. गेल्या वर्षी भोरजवळच्या एका गावातले चाचा रस्त्याच्या भूसंपादनाचं कात्रण घेऊन घरी आले आणि हा शब्द वर्गाबाहेर पडला.

"सर, यात काय म्हणलंय ते नीट सांगा."

राष्ट्रीय महामार्ग कायद्याखालची अधिसूचना होती. हरकतीची मुदत 21 दिवस. त्यातले 17 दिवस उलटून गेले होते.

आज ही मुदत आपल्याला अपुरी वाटते. पण एकेकाळी ती मुळातच नव्हती. 1894 च्या भूमिसंपादन कायद्यात सरकारनं एकदा जाहीर केलं की जमीन सार्वजनिक कामासाठी हवी आहे, की ते जाहीर करणं हाच निर्णायक पुरावा. मालकाला नोटीस यायची, ती किती पैसे मागता हे विचारायला. जमीन घ्यावी की नाही, हा प्रश्न त्याला कुणी विचारत नसे. कलकत्त्याच्या एझ्रा यांच्या खटल्यात प्रिव्ही कौन्सिलनं 1905 साली सांगून टाकलं की कलेक्टरची चौकशी हे न्यायदान नव्हे, तो प्रशासकीय कारभार आहे. कलेक्टर स्वतः माहिती गोळा करून किंमत ठरवू शकतो.

आमच्या वेल्ह्याला लागून मुळशी आहे. टाटांच्या वीजप्रकल्पाच्या धरणासाठी तिथल्या मावळ्यांच्या भातजमिनी याच कायद्यानं घेतल्या गेल्या. 16 एप्रिल 1921 रोजी, रामनवमीला, सत्याग्रह सुरू झाला. पांडुरंग महादेव बापट त्यातूनच 'सेनापती' झाले. विनायकराव भुस्कुटे गावोगाव हिंडले. माणसं कामाच्या जागी जाऊन बसली, तुरुंगात गेली. आपण याला धरणविरोधी लढा म्हणतो, ते बरोबरच आहे. पण मला त्यात आणखी एक गोष्ट दिसते. ज्याला कागदावर नाही म्हणायची जागा नसते, तो अंगानं आडवा पडतो. उर्दूतली हरकत आणि मराठीतली हरकत तिथे एक झाली.

सत्याग्रह चालू असतानाच, 1923 साली, कायद्यात कलम 5अ आलं. 30 दिवसांत लेखी हरकत द्यायची, कलेक्टरनं हरकतदाराचं किंवा त्याच्या वकिलाचं म्हणणं ऐकायचं आणि सरकारला अहवाल द्यायचा. अंतिम निर्णय सरकारचाच. मुळशीचा लढा 1924 मध्ये संपला, धरण झालंच.

या कलमाला पळवाटही होती. कलम 17 खाली 'तातडी' दाखवली की सुनावणी रद्द करता येई, आणि सरकारला तातडी वारंवार लागे. 2005 साली दारियस शापूर चिनाई यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं की 5अ चा हक्क मूलभूत हक्काच्या जवळचा आहे. 2013 च्या नव्या कायद्यानं हरकतीला 60 दिवस दिले आणि तातडीची व्याख्या आवळली. महामार्गाचा कायदा वेगळा, तिथे अजून 21 च.

हजरत अली यांना येमेनला काझी म्हणून पाठवताना पैगंबरांनी (स.) बजावलं होतं की दुसऱ्या पक्षाचं ऐकल्याशिवाय निकाल देऊ नकोस. चाचांना ही हदीस तोंडपाठ होती. कलम नव्हतं, ते मी सांगितलं.

दोघांनी बसून अर्ज लिहिला. जमीन देणार नाही असं चाचांना लिहायचंच नव्हतं. रस्ता थोडा गायरानाकडून वळवला तर विहीर वाचते, एवढंच. तिसऱ्या दिवशी अर्ज दिला आणि पोच घेतली. सुनावणीला मीही गेलो. आधीच्या तिघांना "लेखी दिलंय ना, मग झालं" असं म्हणून वाटेला लावलं होतं. चाचा खुर्चीवरून उठलेच नाहीत. म्हणाले, "लिहिलंय ते सरांनी. बोलायचंय मला."

साहेबांनी पेन खाली ठेवलं आणि नकाशा मागवला.

आदेश अजून आलेला नाही. पोच चाचांनी प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून कुराणशरीफच्या कपाटात ठेवली आहे.