राजी, नाराज आणि राजीनामा

छावणी पोलीस ठाण्यात गुन्हा नोंदवायचा, पुढे दोन्हीकडच्यांनी समेट करायचा आणि मग तो गुन्हाच रद्द करा म्हणून उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठापुढे उभे राहायचे. ही वाट वकिलांच्या पायाखालची आहे. तिच्यावर एक शब्द मात्र आता भेटत नाही, तो म्हणजे राजीनामा. १९४८ पर्यंत, निजामी अमलात, इथल्या अदालतींची भाषा उर्दू होती आणि उर्दूत राजीनामा म्हणजे भांडणारे दोघे राजी झाल्याचा लेख. राजस्थान-पंजाबकडच्या कचेऱ्यांत तो अजून त्याच अर्थाने चालतो. मराठीत राजीनामा मंत्री देतात, तोही बहुधा नाराज होऊन!

मूळ अरबी 'रझा', म्हणजे संमती, संतोष. राजी, मर्जी, नाराज ही सगळी त्याच घरची. साहेबाच्या संमतीने मिळते म्हणून सुटीलाही आपण रजा म्हणू लागलो असावे. 'नामा' फारसी, आपल्या 'नामन्'च्या दूरच्या नात्यातला दिसतो. पण संमतीचा त्याग झाला कसा? दुवा महसुली दप्तरात असावा. मुंबई इलाख्यात जमीन सोडणारा राजीनामा लिहून देई, घेणारा कबुलायत. 'सोडायला मी राजी आहे' यातले राजीपण झिजले, सोडणे तेवढे उरले आणि ते जमिनीवरून नोकरीवर गेले.

जाता जाता, छावणी हा शब्द 'छादन'पासूनचा. पावसाळ्यात फौज छपराखाली जाई, त्याला मराठी कागदांत छावणी करणे म्हणतात. लढाई तेवढ्यापुरती थांबे, मिटत नसे.

या 'मिटण्या'चीही गंमत आहे. मराठीत डोळे मिटतात, ओठ मिटतात, भांडण मिटते. हिंदीतले 'मिटाना' म्हणजे पुसून टाकणे. हिंदी शब्द 'मृष्ट'वरून सांगतात. आपला निराळ्या मुळाचा असावा, कारण मिटलेला डोळा काही पुसला जात नाही. कायद्यातही या दोन वाटा वेगळ्याच आहेत. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३५९ मध्ये, म्हणजे जुन्या ३२० मध्ये, आपसात मिटवण्याजोग्या गुन्ह्यांची यादी आहे. हे मराठी मिटवणे. यादीबाहेरचा खटला उच्च न्यायालय आपल्या अंगभूत अधिकारात रद्द करते, तिथे कलम ५२८, पूर्वीचे ४८२. हे हिंदी मिटाना. दोन्ही एक नव्हेत, हे सर्वोच्च न्यायालयाने ग्यानसिंग विरुद्ध पंजाब राज्य या २०१२च्या निकालात बजावले. पैशाचे व्यवहार, नवरा-बायकोचे तंटे यांत समेट झाला तर खटला पुसता येतो. खून, बलात्कार, दरोडा यांत दोघे कितीही राजी असले तरी नाही, कारण तो घाव समाजावरचा मानतात. 'फिर्याद' मूळ फारसीत मदतीसाठी मारलेली नुसती हाक. ज्याने ती मारली तो इथे राजी झाला, तरी खटल्याच्या शीर्षावर नाव सरकारचे असते.